‘आपली दिव्या’ म्हणण्याआधी

२८ जुलै २०२५. जॉर्जियातल्या बाटुमीहून बातमी आली आणि आमच्या चंद्रपूरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर नुसता पाऊस. ‘आपली दिव्या वर्ल्ड कप जिंकली’, ‘विदर्भकन्येचा जगात डंका’, कोणी तर ‘वैदर्भीय बुद्धीचा विजय’ असंही टाकलं. मीही टाकलं, खोटं कशाला बोलू. डोळ्यांत पाणी आलं होतं. पण रात्री झोपताना तो ‘आपली’ शब्द डोक्यातून जाईना. दिव्या देशमुख नागपूरची. चंद्रपूरहून नागपूर दीडशे किलोमीटर. गडचिरोलीहून त्याहून थोडं जास्त. सिरोंच्याच्या पोराला आधी गडचिरोली गाठायलाच दोनशेच्या आसपास किलोमीटर. मग ‘आपली’ म्हणजे नेमकी कुठपर्यंत आपली?

हा प्रश्न मला उगाच पडलेला नाही. मी शाळेत शिकवतो आणि गेली काही वर्षं पोरांना बुद्धिबळाच्या स्पर्धांना घेऊन फिरतो. त्यामुळे ही पोस्ट लांब होणार आहे. ज्यांना फक्त अभिनंदन करायचं आहे त्यांनी इथेच लाईक करून पुढे जावं, राग नाही.

आधी ती काय करून आली ते नीट समजून घेऊ, कारण पेपरांत ‘ग्रँडमास्टर झाली’ एवढंच आलं आणि त्यातली गंमत हरवली. ग्रँडमास्टर व्हायला साधारण दोन गोष्टी लागतात. एक म्हणजे २५०० रेटिंग. दुसरी म्हणजे तीन ‘नॉर्म’. नॉर्म म्हणजे एखाद्या स्पर्धेत, बहुतेक वेळा नऊ फेऱ्यांच्या, २६०० रेटिंगच्या खेळाडूला शोभेल असा खेळ करून दाखवायचा. तोही कोणासमोरही नाही. प्रतिस्पर्ध्यांचं सरासरी रेटिंग २३८० च्या वर हवं, त्यांच्यात किमान तीन जण स्वतः ग्रँडमास्टर हवेत, शिवाय परदेशी खेळाडूही हवेत. अशा स्पर्धा कुठे होतात, हा खरा मुद्दा. त्याकडे मी पुढे येणारच आहे.

दिव्या बाटुमीला गेली तेव्हा तिच्याकडे यातला एकही नॉर्म नव्हता. मानांकन पंधरावं. वाटेत तिने दुसऱ्या मानांकनाच्या चीनच्या झू जिनरला घालवलं, मग आपल्याच द्रोणवल्ली हरिकाला, उपांत्य फेरीत माजी जगज्जेत्या तान झोंगयीला, आणि अंतिम फेरीत कोनेरू हंपीला. हंपी ३८ वर्षांची, दोनदा जागतिक जलद विजेती. दिव्या १९ ची. पहिले दोन्ही डाव बरोबरीत सुटले आणि जलद डावांच्या टायब्रेकमध्ये दिव्या जिंकली. या स्पर्धेच्या विजेतीला ग्रँडमास्टर किताब थेट मिळतो. म्हणजे तीन नॉर्मची शिडी न चढता पोरगी एकदम गच्चीवर. भारताची ८८वी ग्रँडमास्टर, आणि महिलांमध्ये चौथी. हंपी, हरिका, वैशाली आणि ही.

पण ही ‘एकदम’ काही एका महिन्यातली नाही. दहा वर्षांखालच्या आणि बारा वर्षांखालच्या गटांत ती जगज्जेती झालेली. २०२२ ची राष्ट्रीय महिला विजेती, २०२३ ची आशियाई विजेती, २०२४ मध्ये गांधीनगरला वीस वर्षांखालची जगज्जेती. त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारताच्या महिला संघाने पहिल्यांदा सोनं आणलं, त्यात तिसऱ्या पटावर ११ पैकी साडेनऊ गुण हिचे. संघाचे कर्णधार होते पुण्याचे अभिजित कुंटे. म्हणजे शिडी होतीच, फक्त आपल्याला शेवटची पायरी दिसली.

आता थोडं मागे जातो. कारण ग्रँडमास्टर आकाशातून पडत नाहीत, हे महाराष्ट्राच्या बुद्धिबळाचा इतिहास वाचला की फार स्पष्ट दिसतं.

सुरुवात एका उदाहरणाने करतो, ते महाराष्ट्रातलं नाही पण आपल्या प्रश्नाच्या मुळाशी आहे. मीर सुलतान खान. पंजाबातला गरीब घरचा माणूस, सर उमर हयात खान या जमीनदाराच्या पदरी. धन्याने त्याला विलायतेला नेलं. देशी नियमांनी खेळणारा हा माणूस तिथे जाऊन १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीनदा ब्रिटिश अजिंक्यपद स्पर्धा जिंकला. हेस्टिंग्जला त्याने चक्क कापाब्लांकाला हरवलं. मग धनी परत आला, त्याच्याबरोबर सुलतान खानही परत आला आणि संपलं. पुढची तीसेक वर्षं शेती. १९६६ मध्ये गेला. जागतिक संघटनेने २०२४ मध्ये त्याला मानद ग्रँडमास्टर केलं, मेल्यावर ५८ वर्षांनी. बुद्धी होती, खेळ होता, पण खेळायला नेणारा माणूस बाजूला झाला की डाव बंद.

महाराष्ट्रात हा ‘नेणारा माणूस’ वेगवेगळ्या गावांत वेगवेगळ्या रूपात सापडतो. सांगलीत तो भाऊसाहेब पडसलगीकरांच्या रूपात होता. त्यांनी १९४१ मध्ये नूतन बुद्धिबळ मंडळ काढलं आणि आयुष्यभर पोरांना खेळवलं. सांगली म्हणजे काही मुंबई नव्हे. ना मोठा उद्योग, ना विमानतळ. तरीही भाग्यश्री साठे त्या गावातून पुढे आल्या, पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या झाल्या आणि १९९१ मध्ये आशियाई विजेत्या. पुढे स्वाती घाटे तिथूनच महिला ग्रँडमास्टर झाल्या. एका गावात एक मंडळ दशकानुदशकं चालू राहिलं, की हे होतं. एक स्पर्धा घेऊन, फोटो काढून, पुढच्या वर्षी विसरून गेलं की नाही होत.

मुंबईत हेच काम एका घराने केलं. ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४ मध्ये महिलांची राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली, पहिली विजेती वासंती. त्यानंतर जवळजवळ दहा वर्षं हे विजेतेपद या घराबाहेर गेलंच नाही. कधी जयश्री, कधी रोहिणी. आज आपण ‘मुलींनी बुद्धिबळ खेळावं’ असं सहज म्हणतो. त्या काळी वातावरण काय होतं ते रोहिणी खाडिलकरांच्या गोष्टीवरून कळतं. १९७६ मध्ये, म्हणजे तेरा वर्षांच्या असताना, त्या पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळल्या. लगेच गदारोळ. मुलगी पुरुषांत कशी काय खेळते? प्रकरण हायकोर्टापर्यंत गेलं. जागतिक संघटनेचे तेव्हाचे अध्यक्ष मॅक्स युवे, स्वतः माजी जगज्जेते, त्यांना सांगावं लागलं की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून बाईला बाई म्हणून अडवता येणार नाही. पुढे १९८१ मध्ये हैदराबादला रोहिणी आशियाई विजेत्या झाल्या, १९८३ मध्ये पुन्हा.

मला या गोष्टीत कोर्टापेक्षा दुसरंच काही जास्त महत्त्वाचं वाटतं. तेरा वर्षांच्या पोरीला हायकोर्टात जाता आलं, कारण तिच्यामागे घर होतं, आणि त्या घरात एक वर्तमानपत्र होतं. कोरची किंवा जिवतीच्या तेरा वर्षांच्या पोरीला कोणी स्पर्धेतून बाहेर काढलं, तर ती काय करेल? गुपचूप एसटीत बसेल. तिला बाहेर काढलं होतं हे आपल्याला कळणारसुद्धा नाही.

प्रवीण ठिपसे हे पुढचं नाव. मुंबईचे. सात वेळा राष्ट्रीय विजेते, १९८५ मध्ये राष्ट्रकुल स्पर्धेत संयुक्त विजेते, आणि १९९७ मध्ये भारताचे तिसरे ग्रँडमास्टर. पहिला विश्वनाथन आनंद १९८८ मध्ये, दुसरे दिब्येंदु बरुआ १९९१ मध्ये, तिसरे ठिपसे. ठिपसे तेव्हा अडतीशीच्या घरात होते. त्यांचा खेळ कमी नव्हता हो. आपल्या देशात नॉर्म मिळेल अशा स्पर्धाच फारशा नव्हत्या. परदेशात जायचं तर पैसा आणि रजा. त्या पिढीतल्या किती जणांचं आयुष्य ‘आंतरराष्ट्रीय मास्टर’वर थांबलं याचा हिशेब कोणी मांडला तर वाचायला आवडेल. मग २००० मध्ये कुंटे, पुण्याचे. पुढे नाशिकचा विदित गुजराथी, नगरचा शार्दूल गागरे. विदित तर २०२३ ची ग्रँड स्विस जिंकून २०२४ च्या कँडिडेट्समध्ये खेळला. म्हणजे बुद्धिबळ मुंबई-पुण्यातून हळूहळू जिल्ह्याच्या गावांकडे सरकत होतं.

आणि विदर्भ? आपल्याकडे नागपूरचे अनुप देशमुख आंतरराष्ट्रीय मास्टर झाले, पण विदर्भाला ग्रँडमास्टर मिळायला २०१५ चा सुमार उजाडला. तोही नागपूरचा नव्हता बरं का. अमरावतीचा स्वप्निल धोपाडे, रेल्वेत नोकरी करणारा. ही गोष्ट मी पोरांना नेहमी सांगतो, कारण त्यांना वाटतं की हा खेळ फक्त नागपूरच्या इंग्रजी शाळांतल्या मुलांचा.

त्यानंतर मात्र नागपूरने मागे वळून पाहिलं नाही. २०१९ मध्ये रौनक साधवानी वयाच्या तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर. २०२३ मध्ये तो वीस वर्षांखालच्या गटात जागतिक जलद विजेता झाला. रौनक आणि दिव्या एकाच गावातले आणि एकाच महिन्यातले, डिसेंबर २००५. ती ९ तारखेची, तो १९ चा. दहा दिवसांच्या अंतराने जन्मलेली दोन मुलं एकाच शहरात, दोघंही ग्रँडमास्टर. याला योगायोग म्हणायचं असेल तर म्हणा. मी नाही म्हणणार. एकाच वयाचे दोन तगडे खेळाडू एकाच गावात असले की दोघंही वाढतात. पहिलवानाला जोडीदार लागतो तसंच.

मग २०२१ मध्ये संकल्प गुप्ता, भारताचा ७१वा. त्याची गोष्ट थोडी थांबून बघा. त्याने तिन्ही नॉर्म लागोपाठच्या तीन स्पर्धांत, अवघ्या २४ दिवसांत पूर्ण केले. शेवटचा सर्बियातल्या अरांजेलोवाक नावाच्या गावात. अफाट कामगिरी. पण त्याच गोष्टीची दुसरी बाजू अशी की अठरा वर्षांच्या मुलाला जवळजवळ महिनाभर युरोपात राहून एकामागून एक स्पर्धा खेळता आल्या. तिकडे छोट्या गावांतही अशा बंद स्पर्धा होतात, जिथे नॉर्मच्या अटी पूर्ण होतील असे परदेशी ग्रँडमास्टर मुद्दाम बोलावलेले असतात. तिकीट, राहणं, प्रवेश फी, सगळं घरचं. ज्याला ते परवडतं त्याच्या बुद्धीला संधी मिळते. संकल्पची बुद्धी यात कुठेही कमी होत नाही. पण तशीच बुद्धी असलेलं एखादं पोरगं आलापल्लीत असेल तर त्याचे ते २४ दिवस कुठून यायचे?

दिव्याच्या बाबतीतही तेच. आईवडील दोघंही डॉक्टर. पहिले प्रशिक्षक नागपूरचे राहुल जोशी. ते २०२० मध्ये अकाली गेले. वर्ल्ड कप जिंकून नागपूरला आल्यावर दिव्याने त्यांची आठवण काढली, तिने ग्रँडमास्टर व्हावं अशी त्यांची इच्छा होती म्हणून. मला ते फार भावलं. कारण जागतिक स्तरावरचे प्रशिक्षक नंतर मिळतात, पैसे दिले की मिळतात. पण सहा-सात वर्षांच्या पोराच्या डोळ्यात काही आहे हे ओळखणारा पहिला माणूस गावातच असावा लागतो. तो पुण्याहून ऑनलाइन येत नाही.

ऑगस्टमध्ये राज्य सरकारने दिव्याला तीन कोटी रुपये दिले. नागपूरला जंगी सत्कार झाला. योग्यच झालं, त्यावर मला काही बोलायचं नाही. फक्त एवढं नोंदवतो की हा चेक शिडी संपल्यावर आला. पहिल्या पायरीवर सरकार कुठेच नव्हतं. तिथे आईवडील होते आणि जोशी सर होते.

आता आपल्याकडे या.

चंद्रपूर आणि गडचिरोली हे १९८२ पर्यंत एकच होतं. त्या वर्षी २६ ऑगस्टला गडचिरोली वेगळा जिल्हा झाला. दोन-तृतीयांशाहून जास्त जंगल. रेल्वे म्हणाल तर जिल्ह्याच्या वरच्या टोकाला वडसा, बस्स. वडसा-गडचिरोली लाइनचं काम चालू आहे, कधी पूर्ण होईल ते देवाला ठाऊक. भामरागड पावसाळ्यात पर्लकोटेला पूर आला की तुटतो. आणि शालेय क्रीडा स्पर्धांचा हंगाम साधारण पावसाळ्यातच सुरू होतो, हे ज्याने वेळापत्रक केलं त्याने कधी भामरागड पाहिलं नसावं.

शालेय बुद्धिबळ स्पर्धेची उतरंड अशी. तालुका, जिल्हा, विभाग, मग राज्य. आपला विभाग नागपूर. म्हणजे आमचं पोरगं तालुक्यात जिंकतं, जिल्ह्यात जिंकतं, हार-तुरे होतात, आणि विभागीय फेरीत त्याची गाठ पडते थेट नागपूरच्या पोराशी. ज्याला रेटिंग आहे, कोच आहे, ज्याने वर्षभरात पाच-सहा शहरं पालथी घातली आहेत. तिथे संपतं. दरवर्षी तिथेच संपतं. मग आपण म्हणतो, ‘आपल्या पोरांत तेवढा दम नाही.’

दम नाही? एक प्रसंग सांगतो. एटापल्लीकडची एक मुलगी, आठवीतली. वडील तेंदूपत्त्याच्या हंगामात फळीवर जाणारे. शाळेतल्या फाटक्या पटावर शिकली, उंट हरवला होता म्हणून त्या जागी बाटलीचं झाकण ठेवायची. तिला घेऊन नागपूरला एका खुल्या स्पर्धेला गेलो. तिसऱ्या फेरीत तिने एका रेटिंगवाल्या मुलाचा हत्ती फुकटात खाल्ला. मी लांबून बघत होतो, मनात म्हटलं, झालं, आता ही जिंकते. अर्ध्या तासाने बघतो तर पोरगी रडत बाहेर येते. काय झालं? घड्याळ. चाल केल्यावर आपल्या बाजूचं बटण दाबायचं असतं, ते ती मध्येमध्ये विसरायची. समोरचा शांतपणे बसून राहायचा, हिचा वेळ जळत राहायचा. हत्तीने वर असताना वेळेवर हरली. मला म्हणते, “सर, आपल्या शाळेत घड्याळ काहून नाही जी?”

मी काय उत्तर देणार? तिने बुद्धिबळाचं घड्याळ त्या सकाळी पहिल्यांदा पाहिलं होतं. चूक माझीच, मी आधी दाखवायला हवं होतं. पण माझ्याकडेही नव्हतं. एक साधं डिजिटल घड्याळ दोन-तीन हजारांत येतं.

आता यात एक गणित आहे, ते पालकांनी आणि शिक्षकांनी जरूर समजून घ्यावं. आंतरराष्ट्रीय रेटिंग जिंकल्या-हरल्यावर वरखाली होतं, पण किती होतं ते एका गुणकावर ठरतं. नवीन खेळाडूला आणि १८ वर्षांखालच्या मुलाला (रेटिंग २३०० च्या खाली असेपर्यंत) हा गुणक ४०. अठरा ओलांडले की साधारण २०. एकदा २४०० गाठलं की १०. म्हणजे चौदा वर्षांच्या पोराने जो डाव जिंकून वीस गुण मिळवले, तोच डाव विशीत जिंकून दहाच मिळतात. शिवाय मार्च २०२४ पासून किमान रेटिंग १४०० केलं आहे, त्यामुळे यादीत पहिलं पाऊल टाकणंच आधीपेक्षा अवघड झालं. शालेय स्पर्धेतल्या विजयाला दहावीत सवलतीचे गुण मिळतात, पण रेटिंग मिळत नाही. ज्या पोराच्या हातात रेटिंग स्पर्धा पहिल्यांदा सोळाव्या वर्षी पडते, त्याच्या आयुष्यातली ती ४० गुणकाची वर्षं गेली. परत येत नाहीत. जंगलातल्या पोराचं नुकसान इथे होतं, आणि कुणाला दिसतही नाही, कारण यात कोणी कोणावर अन्याय केलेला नसतो. फक्त स्पर्धा लांब असते.

रेटिंग स्पर्धा आपल्याकडे होतच नाहीत असं मी म्हणत नाही. अधूनमधून होतात, घेणारे लोक पदरमोड करून घेतात, त्यांना सलाम. पण वर्षातून एखादी स्पर्धा म्हणजे वर्षातून एकदा शाळा.

‘पण हे जंगलातले जिल्हे, इथे आधी दवाखाना द्या, रस्ता द्या, बुद्धिबळ कसलं?’ असं कोणीतरी कमेंटमध्ये लिहिणारच आहे. आधीच उत्तर देतो. मे २०१८ आठवा. चंद्रपूर जिल्ह्यातल्या आश्रमशाळांमधली आदिवासी पोरं एव्हरेस्टच्या शिखरावर उभी होती. मनीषा धुर्वे, कविदास काठमोडे, उमाकांत मडावी, प्रमेश आळे, विकास सोयाम. ‘मिशन शौर्य’. ज्या पोरांनी कधी बर्फ पाहिला नव्हता त्यांना दार्जिलिंग, लडाखला नेऊन शिकवलं आणि वर चढवलं. तेव्हाही दवाखाने कमी होते, रस्तेही खराब होते. तरीही प्रशासनाने ठरवलं आणि झालं. एव्हरेस्टला लागणाऱ्या पैशाच्या शतांश भागात दोन जिल्ह्यांतल्या प्रत्येक आश्रमशाळेत पट, सोंगट्या आणि घड्याळ पोचेल. बुद्धिबळाला ऑक्सिजनचा सिलिंडर लागत नाही.

आणि पैसा नाही हेही खरं नाही. आपल्या जमिनीतून कोळसा निघतो, चुनखडी निघते, सूरजागडचं लोहखनिज ट्रकामागून ट्रक भरून जातं. त्याच्यावर जिल्हा खनिज प्रतिष्ठानचा निधी जमा होतो, खाणबाधित भागातल्या माणसांसाठीच. शिक्षण हा त्यातला प्राधान्याचा विषय आहे. आश्रमशाळेतला बुद्धिबळ वर्ग शिक्षणात बसतो की नाही, याची चर्चा एकदा तरी जिल्हा पातळीवरच्या बैठकीत व्हावी. बसत नसेल तर तसं लेखी सांगावं, म्हणजे दुसरा दरवाजा ठोठावता येईल.

केरळात त्रिशूर जिल्ह्यात मरोट्टिचाल नावाचं गाव आहे, जंगलाच्या कडेला. दारूने पोखरलेलं होतं. तिथल्या एका चहावाल्याने, उन्नीकृष्णन त्यांचं नाव, आपल्या दुकानात लोकांना बुद्धिबळ शिकवायला सुरुवात केली. आज त्या गावाची ओळखच बुद्धिबळाचं गाव अशी आहे. तिथून ग्रँडमास्टर निघाला नाही, पण गाव दारूतून बाहेर आलं. आपल्या गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे, चंद्रपुरात २०१५ ला आली आणि २०२१ ला उठली. बंदीवर आपण तीस वर्षं भांडतो आहोत, दोन्ही बाजूंनी. संध्याकाळी माणसांनी आणि पोरांनी करायचं काय, यावर कोणी फारसं बोलत नाही.

तमिळनाडूत तीसहून जास्त ग्रँडमास्टर आहेत. तिथली पोरं आपल्यापेक्षा हुशार जन्मतात का? एका गावातलं मंडळ, त्याच्या शेजारी दुसरं, शाळांत खेळ, जवळजवळच्या तारखांना स्पर्धा, आणि वर आनंद. सांगलीत भाऊसाहेबांनी जे एका गावापुरतं केलं, तेच तिकडे राज्यभर झालं. आपल्याकडे ते नागपूर-अमरावतीपर्यंत आलं आहे. तिथून पुढे ब्रह्मपुरी, वडसा, राजुरा, अहेरी इथपर्यंत यायला कोणी मोठा माणूस लागत नाही. दर रविवारी दोन तास उघडी राहणारी एक खोली लागते आणि किल्ली जवळ ठेवणारा एक माणूस.

तर माझी विनंती साधी आहे. चंद्रपूर, बल्लारपूर, गडचिरोली, देसाईगंज इथल्या ज्या वाचकांना बुद्धिबळ येतं, त्यांनी आपल्या जवळच्या एका शाळेत जाऊन फक्त विचारावं, तुमच्याकडे पट किती आणि घड्याळ किती. उत्तर कमेंटमध्ये लिहा, शाळेचं नाव लिहू नका, फक्त तालुका लिहा. महिन्याभरात तालुक्यांची यादी तयार होईल. ती घेऊन मी स्वतः जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे आणि आदिवासी प्रकल्प कार्यालयात जाईन. ज्यांना बरोबर यायचं त्यांनी या. नागपुरात जे शिकवतात त्यांच्यापैकी कोणी महिन्यातून एक रविवार चंद्रपूरला यायला तयार असेल तर जाण्यायेण्याचं आणि जेवणाचं माझ्याकडे लागलं.

बाकी, दोन घड्याळं मी घेतली आहेत. एक शाळेत, एक माझ्या पिशवीत. ती मुलगी आता नववीत आहे. चाल केली की घड्याळाचं बटण इतक्या जोरात दाबते की शेजारच्या पटावरची सोंगटी हलते. पंचांनी दोनदा ताकीद दिली आहे.